बदलीचा हुकूम आणि कोर्टाची पायरी

एप्रिल महिना उजाडला की सरकारी कचेऱ्यांतील बोलण्याचा विषय बदलतो. पाऊसपाणी, महागाई, निवडणुका हे सारे बाजूला पडते आणि 'यादी लागली का?' एवढा एकच प्रश्न उरतो. आपल्या लासूर स्टेशनसारख्या गावात तर हे अधिकच जाणवते. मनमाडहून छत्रपती संभाजीनगरकडे जाणाऱ्या लोहमार्गावरचे हे बाजारपेठेचे गाव. येथे शाळा आहेत, बँका आहेत, टपाल आहे, महसूल खात्याची माणसे आहेत. कोणी येथे बिऱ्हाड करून राहतो, कोणी सकाळच्या गाडीने येतो आणि संध्याकाळच्या गाडीने परततो. मे महिन्यात यांतील काही चेहरे नाहीसे होतात, जूनमध्ये नवे दिसू लागतात. वर्गातला एखादा मित्र पहिल्या वर्षानंतर एकाएकी दाखला काढून नेतो. चौकशी केली तर कळते, 'वडिलांची बदली झाली.'

अशा वेळी दोन प्रकारची मते ऐकू येतात. पहिल्या मताचे लोक म्हणतात, 'बदली ही सरकारची मर्जी. तिथे कोणाचे काय चालणार?' दुसऱ्या मताचे लोक छातीठोकपणे सांगतात, 'मॅटमध्ये जाऊन स्टे आणला की झाले!' दोन्ही मतांत थोडे थोडे तथ्य आहे, पण पूर्ण सत्य कोणत्याच मतात नाही. बदलीच्या हुकुमाविरुद्ध न्यायालयात दाद मागता येते का, येत असल्यास कोणत्या मुद्द्यांवर, आणि न्यायालय नेमके काय तपासते, याची मांडणी करण्याचा प्रस्तुत लेखात प्रयत्न केला आहे. आपल्यातील अनेकजण स्पर्धा परीक्षांची तयारी करीत आहेत. नोकरी लागल्यावर जो कागद केव्हा ना केव्हा हाती पडणारच, त्याचा कायदा आधीच समजून घेतलेला बरा.

बदली म्हणजे कायद्याच्या दृष्टीने काय?

आपल्या राज्यघटनेच्या ३१० व्या अनुच्छेदानुसार शासकीय सेवक हा राष्ट्रपती किंवा राज्यपाल यांची मर्जी असेपर्यंत पद धारण करतो. या मर्जीला मर्यादा घालणारा अनुच्छेद ३११ वा. चौकशी केल्याशिवाय आणि बाजू मांडण्याची संधी दिल्याशिवाय सेवकाला बडतर्फ करता येत नाही, सेवेतून काढून टाकता येत नाही, किंवा पदावनत करता येत नाही, असे तो सांगतो. या यादीत बदलीचे नाव नाही. त्यामुळे बदली करण्यापूर्वी कर्मचाऱ्याला नोटीस दिली पाहिजे, त्याचे म्हणणे ऐकून घेतले पाहिजे, असा घटनादत्त हक्क सांगता येत नाही. एखाद्या विशिष्ट गावीच नोकरी करण्याचा हक्कही कोणाला नाही. बदली ही नोकरीच्या अटींतच अंतर्भूत असते, हे सूत्र सर्वोच्च न्यायालयाने अनेकवार सांगितले आहे.

परंतु या नाण्याला दुसरी बाजूही आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ यांत कर्मचाऱ्याला कोणकोणत्या शिक्षा देता येतात त्यांची यादी दिलेली आहे. ठपका ठेवणे, वेतनवाढ रोखणे, बढती रोखणे, नुकसानीची वसुली, पदावनती, सक्तीची निवृत्ती, सेवेतून काढून टाकणे, बडतर्फी अशी ती यादी आहे. या यादीतही बदली नाही. म्हणजे घटनेने ज्या गोष्टींपासून संरक्षण दिले त्यांत बदली नाही आणि नियमांनी ज्या शिक्षा सांगितल्या त्यांतही ती नाही. म्हणूनच, ज्याला शिक्षा करायची आहे त्याची चौकशी न करता नुसती दूरच्या गावी बदली करून टाकणे, हा कायद्याने न सांगितलेला मार्ग ठरतो. बदलीच्या खटल्यांतील पुष्कळसा वाद याच ठिकाणी उत्पन्न होतो.

सर्वोच्च न्यायालयाची भूमिका

या विषयावरील जुन्या आणि गाजलेल्या खटल्यांत ई. पी. रॉयप्पा विरुद्ध तामिळनाडू राज्य हा खटला अग्रभागी येतो. रॉयप्पा हे तामिळनाडूचे मुख्य सचिव. त्यांना त्या पदावरून हलवून राज्य नियोजन मंडळाचे उपाध्यक्ष नेमले गेले आणि पुढे विशेष कार्य अधिकारी म्हणून पाठविले गेले. आपल्याला आकसाने हलविले, अशी त्यांची तक्रार होती. १९७४ च्या निर्णयपत्रिकांत प्रसिद्ध झालेल्या या निकालात रॉयप्पा हरले, कारण आकसाचा आरोप करणे सोपे असले तरी तो सिद्ध करण्याचा भार फार जड असतो आणि तो त्यांना पेलता आला नाही. पण याच निकालात न्यायमूर्ती भगवती यांनी एक मोठा विचार मांडला. मनमानी आणि समता या दोन गोष्टी एकत्र नांदू शकत नाहीत. जी कृती मनमानी आहे ती समतेच्या हक्काचा भंग करते, असे त्यांनी म्हटले. खटला एकाने हरला, पण पुढील पिढ्यांना त्यातून हत्यार मिळाले.

१९८६ च्या बी. वरदराव विरुद्ध कर्नाटक राज्य या निकालात न्यायालयाने बदली ही सेवेचा भाग असल्याचे पुन्हा सांगितले. परंतु वारंवार, अवेळी आणि अवाजवी बदल्यांमुळे एक कुटुंब मुळासकट उखडले जाते, मुलांच्या शिक्षणाची हेळसांड होते आणि माणूस हताश होतो, याचीही न्यायालयाने आवर्जून नोंद घेतली. १९९१ च्या शिल्पी बोस खटल्यात मात्र न्यायालयाने हस्तक्षेपाची सीमारेषा आखून दिली. सक्तीच्या वैधानिक नियमाचा भंग झाला असेल किंवा हुकूम दुष्ट हेतूने निघाला असेल तरच न्यायालयाने हात घालावा. अन्यथा रोज बदल्यांत ढवळाढवळ होऊ लागली तर कारभारच चालणार नाही, असा त्याचा आशय आहे.

१९९३ चा एस. एल. अब्बास यांचा खटला तर प्रत्येक नोकरदाराने लक्षात ठेवावा असा आहे. अब्बास हे शिलाँग येथे भारतीय वनस्पती सर्वेक्षण संस्थेत उद्यानपाल होते. त्यांची बदली तेथून उत्तर प्रदेशातील (आता उत्तराखंडातील) पौडी येथे झाली. पत्नी शिलाँगलाच सरकारी नोकरीत, मुले तेथेच शिकत असलेली. पती-पत्नीस शक्यतो एकत्र ठेवावे अशी सरकारचीच मार्गदर्शक सूचना होती. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने त्यांच्या बाजूने निकाल दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो फिरविला. मार्गदर्शक सूचना अधिकाऱ्याने जरूर ध्यानात घ्यावी, परंतु तिच्यामुळे कर्मचाऱ्याला न्यायालयातून वसूल करता येईल असा हक्क प्राप्त होत नाही, असे न्यायालयाने सांगितले.

येथेच एक महत्त्वाचा भेद समजून घेतला पाहिजे. परिपत्रक, सूचना आणि धोरण ही एक गोष्ट. विधिमंडळाने संमत केलेला अधिनियम ही दुसरी. पहिलीचा भंग झाला तर न्यायालय बहुधा खांदे उडवते. दुसरीचा भंग झाला तर त्याला हुकूम तपासावाच लागतो. बहुतेक राज्यांत बदल्या सूचनांवर चालत आल्या. महाराष्ट्रात मात्र अधिनियम आहे.

महाराष्ट्राचा कायदा

या कायद्याचे नाव लांबलचक आहे: महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५. हा २००६ चा महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २१ असून तो १ जुलै २००६ पासून अंमलात आला. बदल्यांतील बाजार आणि कचेऱ्यांतील दिरंगाई यांविरुद्ध अण्णा हजारे यांनी केलेल्या आंदोलनांची पार्श्वभूमी त्याला होती. लोक त्याला 'बदल्यांचा कायदा' किंवा 'दफ्तरदिरंगाईचा कायदा' म्हणतात.

त्यातील मुख्य तरतुदी अशा. गट अ, ब आणि क मधील सेवकांचा एका पदावरील सर्वसाधारण कालावधी ३ वर्षांचा. मंत्रालयाबाहेरील गट क च्या कर्मचाऱ्याने एका कार्यालयात असे दोन पूर्ण कालावधी काढले की त्याची बदली दुसऱ्या कार्यालयात व्हावी. गट ड च्या कर्मचाऱ्याला ठराविक कालावधी नाही. विनंती, आपसी बदली किंवा शहानिशा झालेली गंभीर तक्रार ही कारणे सोडता त्याला त्या ठिकाणाहून हलवू नये. दरवर्षी जानेवारीत बदलीस पात्र कर्मचाऱ्यांची यादी तयार करावी आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात कराव्यात.

अर्थात अपवाद आहेतच. निवृत्ती, बढती, राजीनामा यांमुळे पद रिकामे झाले, नवे पद निर्माण झाले, तर वर्षात केव्हाही बदली करता येते. याखेरीज अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण असेल तरही करता येते. मात्र ते कारण लेखी नोंदविले पाहिजे आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेतली पाहिजे. हे झाले कलम ४ च्या पोटकलम (४) मधील. त्याच कलमाचे पोटकलम (५) मुदतपूर्व बदलीबद्दल आहे. तीन वर्षे पुरी होण्याआधीच कोणाला हलवायचे असेल तर ते प्रकरण 'विशेष' असले पाहिजे, कारणे लेखी नोंदविली पाहिजेत आणि कलम ६ च्या तक्त्यात दाखविलेल्या लगतच्या वरिष्ठ सक्षम प्राधिकाऱ्याची आधी परवानगी मिळाली पाहिजे.

या साऱ्याचे सार एका उदाहरणाने सांगता येईल. समजा, एखाद्या तालुक्याच्या कचेरीत काम करणाऱ्या लिपिकाला तेथे येऊन १४ महिने झाले आहेत. ऑक्टोबरमध्ये त्याच्या हाती कागद पडतो, 'प्रशासकीय कारणास्तव आपली बदली अमुक ठिकाणी करण्यात येत आहे.' येथे दोन प्रश्न एकदमच उभे राहतात. ऑक्टोबर हा बदल्यांचा महिना नाही, म्हणून पोटकलम (४). तीन वर्षे झालेली नाहीत, म्हणून पोटकलम (५). दोन्ही ठिकाणी लेखी कारण आणि वरची मान्यता हवी. 'प्रशासकीय कारणास्तव' हे शब्द पुरेसे आहेत का? मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये, इतर मागासवर्गीय वित्त व विकास महामंडळातील एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात, असे मोघम शब्द म्हणजे कायद्याचे पालन नव्हे असे स्पष्ट केले. मुदतपूर्व बदलीचे विशेष कारण लेखी दिसले पाहिजे आणि मान्यताही आधीच घेतलेली असली पाहिजे.

ध्यानात घ्यायची गोष्ट ही की, कायद्याने सरकारचा बदली करण्याचा अधिकार काढून घेतलेला नाही. त्याने फक्त एवढेच केले, की अधिकार वापरणाऱ्याला कारण लिहायला लावले आणि त्याखाली सही करायला लावली. लिहिलेले कारण तपासता येते. मनातले कारण कोणाला तपासता येत नाही.

दाद कोठे मागावी?

१९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३२३-अ आला, त्यानुसार १९८५ मध्ये प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम झाला आणि १९९१ च्या जुलैत महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण स्थापन झाले. इंग्रजी आद्याक्षरांवरून त्याला सारेजण 'मॅट' म्हणतात. मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद (आताचे छत्रपती संभाजीनगर) येथे त्याचे काम चालते. म्हणजे आपल्या भागातील राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला मुंबईची वारी करावी लागत नाही. राज्य शासनाच्या सेवकांनी येथे यावे. केंद्राच्या सेवकांसाठी वेगळे केंद्रीय न्यायाधिकरण आहे. न्यायाधिकरणाच्या निकालावर उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या पीठापुढे दाद मागता येते, हे १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालाने निश्चित झाले.

जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांची वाट मात्र निराळी. प्राथमिक शिक्षक हे जिल्हा परिषदेचे सेवक; त्यांच्यासाठी मॅट नाही. त्यांना उच्च न्यायालयातच रिट अर्ज करावा लागतो. २७ फेब्रुवारी २०१७ च्या शासन निर्णयाने शिक्षकांच्या जिल्हांतर्गत बदल्या संगणकावरून होऊ लागल्या. गावांची 'अवघड' आणि 'सर्वसाधारण' अशी विभागणी झाली. आजारी, अपंग, विधवा यांना आणि पती-पत्नी एकत्रीकरणाला अग्रक्रम मिळाला. अग्रक्रमाच्या शिक्षकाने जागा मागितली की तेथला शिक्षक उठणार, म्हणून शिक्षकांनीच या पद्धतीला 'खो' असे नाव दिले. यंत्राला वशिला कळत नाही हा तिचा गुण. यंत्राला घरची अडचणही कळत नाही हा तिचा दोष. ७ एप्रिल २०२१ ला धोरण पुन्हा सुधारले गेले.

कोठेही जायचे झाले तरी काही व्यावहारिक गोष्टी सारख्याच. न्यायाधिकरणात जायला कायद्याने वर्षाची मुदत असली तरी बदलीच्या बाबतीत दिवस मोजावे लागतात. कर्मचारी कार्यमुक्त झाला, त्याच्या जागी दुसरा रुजू झाला, की स्थगिती मिळणे कठीण होते. ज्याला आपल्या जागी आणले त्यालाही प्रतिवादी करावे लागते, कारण निकालाचा परिणाम त्याच्यावरही होणार असतो. आणि स्थगिती मिळाली नसेल तर निमूटपणे नव्या ठिकाणी रुजू व्हावे. नुसता विनंतीअर्ज दिला आहे म्हणून घरी बसणे महागात पडते, हे गुजरात वीज मंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच बजावले आहे. बदलीची नस्ती पाहण्यासाठी २००५ चा माहितीचा अधिकारही उपयोगी पडतो. कारण कधी नोंदविले आणि मान्यता कोणत्या तारखेला मिळाली हे त्या नस्तीतच असते.

कोण जिंकतो, कोण हरतो?

'मुलांची परीक्षा आहे', 'आईवडील वृद्ध आहेत', 'गाव लांब आहे', ही कारणे ऐकताना न्यायाधीशांना सहानुभूती वाटते, पण केवळ तेवढ्यावर हुकूम रद्द होत नाही. एस. के. नौशाद रहमान खटल्यात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कौटुंबिक जीवनाचा विचार धोरण आखताना सरकारने करावा, असे मोलाचे उद्गार काढले; पण धोरण आखण्याचे काम सरकारचेच ठेवले. 'आमदारांच्या पत्रावरून बदली झाली' हा आरोपही एकट्याने पुरेसा नाही. लोकांच्या तक्रारी सरकारपर्यंत पोहोचविणे हे लोकप्रतिनिधीचे कामच आहे, त्यामुळे केवळ शिफारशीने बदली अवैध होत नाही, असे मसूद अहमद खटल्यात २००७ मध्ये ठरले. मात्र शिफारस आली म्हणून तीच कारणाच्या जागी बसू शकत नाही. तक्रारीत तथ्य आहे की नाही हे अधिकाऱ्याने स्वतः पाहायचे असते.

याउलट शिक्षेच्या जागी केलेली बदली टिकत नाही. सोमेश तिवारी यांच्या प्रकरणात निनावी तक्रार आली, चौकशीत काही आढळले नाही, तरीही बदली झाली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती बेकायदा ठरविली. २०२० चा पंजाब अँड सिंध बँकेचा निकाल याहून बोलका आहे. इंदूरच्या शाखेतील एका महिला अधिकाऱ्याने गैरव्यवहारांची माहिती वरिष्ठांना कळविली आणि छळाचीही तक्रार केली. तिला जबलपूर जिल्ह्यातील अशा शाखेत पाठविण्यात आले, जेथे तिच्या दर्जाहून कितीतरी खालचा अधिकारी पुरेसा होता. सर्वोच्च न्यायालयाने तिला इंदूरला परत आणविले आणि बँकेला ५०,००० रुपये खर्च देण्यास सांगितले. बोलणाऱ्याचे तोंड बंद करण्याचे साधन म्हणून बदली वापरता येणार नाही, हा या निकालाचा अर्थ.

वरिष्ठ सेवांसाठीही न्यायालयाने असाच विचार केला. २००६ च्या प्रकाशसिंह निकालाने पोलीस अधिकाऱ्यांच्या बदल्यांसाठी आस्थापना मंडळे नेमायला सांगितले. २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमण्यन निकालाने नागरी सेवा मंडळे आणि किमान कालावधी यांचा आग्रह धरला. तरीही तुकाराम मुंढे यांच्यासारख्या अधिकाऱ्याच्या नावामागे वीसहून अधिक बदल्या लागतात. यावरून इतके दिसते, की कायदा पुस्तकात असला तरी तो वापरणारा लागतो. पुष्कळ अधिकारी कोर्टात न जाता नव्या गावाची गाडी पकडतात. कोर्टात गेलेल्याकडे पुढे कोणत्या नजरेने पाहिले जाईल, ही भीती लहान नोकरांना तर फारच असते. 'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' या म्हणीचा धाक अजून ओसरलेला नाही.

गावाचे काय?

या विषयाची चर्चा नेहमी कर्मचाऱ्याच्या बाजूने होते. परंतु बदलीचा परिणाम गावावरही होतो. वर्षात तीन अधिकारी बदलले तर शेतकऱ्याला आपले प्रकरण तीनदा पहिल्यापासून सांगावे लागते. उलट एकच माणूस दहा वर्षे एका टेबलावर बसला तर ते टेबल त्याच्या मालकीचे होते. म्हणूनच २००५ च्या कायद्याने बदल्या आणि दिरंगाई हे दोन विषय एकाच अधिनियमात बांधले. ज्या कायद्यात कर्मचाऱ्याला तीन वर्षांचे स्थैर्य मिळते, त्यातच कोणतीही नस्ती सामान्यतः ७ कामाच्या दिवसांहून अधिक काळ त्याच्याकडे पडून राहू नये असाही दंडक आहे. पहिले कलम तोंडपाठ असणारे दुसरे सोयीने विसरतात, हे कटू असले तरी खरे आहे.

आपल्या गंगापूर तालुक्याला हा प्रश्न नवा नाही. मुख्यालयी न राहता घरभाडे भत्ता घेणाऱ्या शिक्षकांचा मुद्दा गंगापूरचे आमदार प्रशांत बंब यांनी २०२२ मध्ये विधानसभेत मांडला आणि राज्यभर वाद पेटला. शिक्षक संघटनांनी त्याला जोरदार उत्तर दिले. वादात कोणाची बाजू किती बरोबर हा या लेखाचा विषय नाही. पण नेमणुकीचे गाव आणि राहण्याचे गाव यांतील अंतर हा प्रश्न बदलीच्या प्रश्नाचाच सख्खा भाऊ आहे. ज्याला आपण येथे किती दिवस आहोत हेच ठाऊक नाही, तो बिऱ्हाड कसे आणणार? आणि जो बिऱ्हाड आणीतच नाही, त्याची बदली झाल्याचे दुःख गावाला का व्हावे?

तेव्हा मित्रहो, उद्या आपल्यापैकी कोणी कचेरीत खुर्चीवर बसेल, कोणी खुर्चीसमोर अर्ज घेऊन उभा राहील. बदलीचा हुकूम हाती आला तर घाबरून जाऊ नये, आणि प्रत्येक हुकूम म्हणजे अन्याय असेही मानू नये. महिना कोणता, आपली तीन वर्षे झाली का, कारण लिहिले आहे का, मान्यता कोणाची आणि कोणत्या तारखेची, एवढे चार प्रश्न आधी शांतपणे विचारावेत. चारही उत्तरे समाधानकारक असतील तर सामान बांधावे. नसतील तर छत्रपती संभाजीनगर लासूरपासून फार दूर नाही; सकाळच्या गाडीने जाऊन संध्याकाळी परत येता येते. आणि ज्यांच्यावर पुढे असे हुकूम काढण्याची वेळ येईल, त्यांनी सही करण्यापूर्वी कारणाची ओळ स्वतःच्या हाताने लिहून पाहावी. ती लिहिताना हात अडखळला, तर तो हुकूम काढू नये.